नटीच्या कामांची सूची करताना

आधी रकाने आखून घ्या: नाटक, भूमिका, संस्था, दिग्दर्शक, नाट्यगृह, तारीख, आणि ही माहिती कुठून मिळाली. शेवटचा रकाना कंटाळवाणा वाटतो, पण तो रिकामा राहिला की सहा महिन्यांनी आपल्याच नोंदीवर विश्वास बसत नाही.

सुरुवात नाटकाच्या छापील पुस्तकापासून करावी. बहुतेक पुस्तकांत पहिल्या पानांवर पहिल्या प्रयोगाची तारीख, संस्था आणि नटसंच असतो. मात्र तो संच फक्त पहिल्या प्रयोगाचा. पुढे रिप्लेसमेंट म्हणून आलेली नटी तिथे सापडणार नाही, आणि पहिल्या संचातल्या नटीने भूमिका किती काळ केली हेही कळणार नाही. त्यासाठी जुन्या वर्तमानपत्रांतल्या नाटकांच्या जाहिराती चाळाव्या लागतात. जाहिरातीतला ‘५०० वा प्रयोग’ हा आकडा नाटकाचा असतो, नटीचा नव्हे. इथे भलेभले फसतात.

नावांचा घोळ आधीच मिटवा. सुलभा देशपांडे लग्नाआधी कामेरकर, रीमा लागू पूर्वीच्या नयन भडभडे. दोन्ही नावांनी शोध घेतला नाही तर सुरुवातीची वर्षं हातातून निसटतात.

नाटक आणि त्यावरचा चित्रपट एका ओळीत कोंबू नका. ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ हे तेंडुलकरांचं नाटक रंगायन या नाट्यसंस्थेने १९६७ साली केलं. त्यावर सत्यदेव दुबे यांचा चित्रपट १९७१चा. त्यातल्या नायिकेच्या, लीला बेणारेच्या भूमिकेत दोन्हींकडे सुलभाताईच, म्हणून तर हमखास गल्लत होते. नोंदी दोन हव्यात. चित्रपटाच्या बाबतीत सेन्सॉरचं वर्ष आणि प्रदर्शनाचं वर्षही वेगळं असू शकतं; आपण कोणतं धरतोय ते वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा आणि मग शेवटपर्यंत तेच पाळा. पुरस्काराचंही तसंच: ज्या वर्षीच्या कामाला मिळाला ते वर्ष एक, समारंभाचं दुसरं.

सहकलाकारांना ‘कोणत्या साली?’ असं विचारू नये. साल कुणालाच नीट आठवत नाही आणि माणूस भिडेखातर काहीतरी ठोकून देतो. ‘छबिलदासला केलंत की त्याआधी?’ असं विचारा. आविष्कार या नाट्यसंस्थेचे प्रयोग दादरच्या छबिलदास शाळेत १९७४पासून होऊ लागले, त्यामुळे एका उत्तरात काळाची एक बाजू पक्की होते. तालीम कुठे व्हायची, दौऱ्यावर बरोबर कोण असायचं, हेही विचारून पाहावं. मिळेल ते उत्तर जाहिरातीशी ताडून घ्या; दोन्ही जुळत नसतील तर जाहिरातीतली तारीख ठेवा आणि आठवण टीप म्हणून खाली लिहा. जाहिरात दिलेला प्रयोग ऐनवेळी रद्दही होतो, तेव्हा परीक्षण किंवा प्रयोगाची पत्रिका मिळाली तर उत्तम.

चित्रपटांच्या पुस्तिका आणि फोटोंसाठी पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय गाठा. नाटकांचं घबाड मात्र बहुतेकदा नेपथ्यकार, प्रकाशयोजनाकार यांच्या घरच्या पिशव्यांतच सापडतं.