पोरांना जुने मराठी पिक्चर बघायची गोडी कशी लावायची (सांगली-साताऱ्याकडच्यांसाठी)

बरेच जण पहिल्यापासनं सुरू करतात, १९१३ चा फाळक्यांचा राजा हरिश्चंद्र, मग १९३२ चा अयोध्येचा राजा, आणि तासाभरात पोरं मोबाईल घेऊन आत जातात. तसं करू नका, आपल्या मातीतलं आधी दाखवा.

पहिला लावायचा सांगत्ये ऐका, १९५९ चा, अनंत मानेंचा, पुण्यात विजयानंदला १३१ आठवडे चालला होता. साताऱ्याला जाताना बुगडी सांडल्याची लावणी यातलीच, लिहिली आपल्या आटपाडीकडच्या गदिमांनी आणि गायली सांगलीत जन्मलेल्या आशाताईंनी, हे पोरांना आधीच सांगून ठेवा म्हणजे कान टवकारतात. टीव्हीचा आवाज ढोलकीला पुरत नाही, साधा का होईना स्पीकर जोडा, आणि प्रिंट जुनी असते म्हणून खोलीत अंधार करा. आजीला शेजारी बसवाच! लावणी संपली की पिक्चर थांबवा आणि तिला तंबूतल्या टॉकीजचं विचारा, मग अर्धा तास गेला तरी जाऊ दे, तोही पिक्चरचाच भाग आहे.

पोरं दहावीच्या पुढची असतील तर पुढचा सामना, १९७४, तेंडुलकरांचं लेखन आणि जब्बार पटेलांचं दिग्दर्शन. ऊसपट्ट्यातल्या माणसानं हा बघायलाच पाहिजे. साखर कारखान्याचा धनी हिंदूराव म्हणजे निळूभाऊ, आणि समोर डॉ. लागूंचा दारुडा मास्तर, जो मारुती कांबळेचं काय झालं हे विचारायचं सोडत नाही. निळूभाऊ आवाज न चढवता नुसत्या बघण्यातनं समोरच्याला कसं गार करतात ते एकदा मागं घेऊन परत दाखवा, माझ्या मते मराठी पिक्चरची खरी ताकद तिथंय, आपल्या गावात भेटणारा माणूस जसाच्या तसा पडद्यावर उभा राहतो.

संत तुकाराम (१९३६) त्यानंतर. व्हेनिसला गौरवलेला वगैरे आहेच, पण पोरांना जिजाई दाखवा, संसार ओढून दमलेली आणि थेट विठोबाशी भांडणारी, तिच्यामुळं पिक्चर नुसता भक्तीचा राहत नाही.

बनगरवाडी (१९९५) उन्हाळ्याच्या सुट्टीत ठेवा, माणदेशातला दुष्काळ तेव्हा जास्त भिडतो.

गल्लीत किंवा मंडळाच्या पडद्यावर लावायचा असेल तर हक्क कुणाकडंत ते शोधून आधी परवानगी घ्या, आणि पिक्चर रात्री जेवणं झाल्यावरच लावा, संध्याकाळी धारा काढायच्या वेळेला निम्मी माणसं येत नाहीत.