पानगळीच्या तोंडावर: मॅपल, सायकॅमोर आणि पाइनचे बी

डोंगराळ भागात बांधावर, ओढ्याकाठी किंवा पडीक उतारावर स्थानिक झाडे वाढवायची असतील, तर तयारी आत्ताच करायची, पाने पिवळी पडू लागली की. बी आपल्याच डोंगरावरचे धरा. दर 1000 मीटर चढाला तापमान साधारण साडेसहा अंश सेल्सियसने उतरते, आणि झाडाची वाढीची आणि झोपेची वेळ त्या उंचीप्रमाणे ठरलेली असते. खालच्या खोऱ्यातले बी वर नेले तर रोप उशिरापर्यंत वाढत राहते आणि पहिल्याच कडक दहिवरात त्याचा कोवळा शेंडा जळतो. वरचे बी फार खाली आणले तर रोप लवकर झोपते आणि मागे पडते. बी एकाच झाडाचे नको, लांब लांब उभ्या असलेल्या अनेक निरोगी झाडांचे थोडे थोडे घ्या. एकट्या उभ्या पाइनच्या शंकूंत पोकळ बी फार निघते, कारण त्याला स्वतःचाच पराग मिळतो.

मॅपलच्या बियांचे पंख हिरव्याचे तपकिरी होऊ लागले की तोडणी सुरू करा. त्याआधी पाच-दहा बिया धारदार पात्याने चिरून पाहा. आत घड्या घातलेली हिरवट बीजपत्रे ठासून भरलेली दिसली तर बी चांगले. शुगर मॅपलच्या जोडफळात बऱ्याचदा एक बाजू रिकामीच असते, त्यामुळे पोती भरली म्हणून रोपेही तितकीच मिळतील असे धरू नका.

सर्वांत जास्त नुकसान होते ते बी वाळवताना. युरोपच्या डोंगरांत ज्याला सायकॅमोर म्हणतात तो खरे तर मॅपलच आहे, आणि त्याचे बी वाळले की मरते. ते उन्हात पसरू नका. ओलसर वाळूत मिसळून 1 ते 5 अंशांत दोन-तीन महिने ठेवा, अधूनमधून उलथा आणि अंकुर डोकावला की पेरा. शीतगृहाची सोय नसेल तर पानगळीतच गादीवाफ्यावर सेंटीमीटर-दीड सेंटीमीटर खोल पेरा आणि वर पालापाचोळा घाला. बाकीचे काम हिवाळा करतो. मला स्वतःला हीच पद्धत पसंत आहे. फक्त वाफ्यावर बारीक जाळी हवीच, नाहीतर उंदीर एका रात्रीत वाफा साफ करतात. लाल आणि रुपेरी मॅपलचे बी वसंतात गळते. ते साठवत न बसता लगेच पेरावे.

चिनाराच्या कुळातला सायकॅमोर वेगळा. त्याची गोल फळे हिवाळाभर फांदीवर लटकतात, त्यामुळे घाई नाही. फळ फोडताना बियांभोवतीची बारीक लव उडते आणि घशाला, डोळ्यांना झोंबते. नाकातोंडाला मास्क बांधा आणि काम उघड्यावर करा. बी अगदी बारीक असते. ते वर पसरून नुसती वाळू भुरभुरा आणि वाफा सुकू देऊ नका. झाड झोपेत असताना घेतलेली पेन्सिलएवढ्या जाडीची छाटकलमेही चांगली मुळे धरतात. लागवड ओढ्याकाठीच करा, कोरड्या माथ्यावर नको. थंड, ओल्या वसंतात करपा येऊन कोवळी पाने काळी पडतात. झाड मेले असे समजून तोडू नका, बहुधा दुसरी पालवी येते. गळलेली पाने मात्र गोळा करून हलवा.

पाइनचे सगळे उलटे. शंकू पक्व व्हायला बहुतेक जातींना दोन हंगाम लागतात. खवले उघडण्याच्या थोडे आधी ते काढा आणि हवेशीर जागी वाळवा. बी आपोआप सुटते. लॉजपोल पाइनच्या बऱ्याच झाडांचे शंकू राळेने बंद असतात, त्यांना उष्णता द्यावी लागते. पाँडेरोसा पाइनचे बी एक दिवस भिजवून चार ते आठ आठवडे ओलसर थंडीत ठेवले की उगवण एकसारखी होते. हिमालयातल्या चीड पाइनला याची गरज पडत नाही.

वाफ्यात पाणी साचले की कोवळी रोपे जमिनीलगत कुजून आडवी पडतात. म्हणून माती वालुकामय, किंचित आम्लधर्मी ठेवा आणि पाणी सकाळी द्या. निरोगी पाइनखालची मूठभर कुजकी माती वाफ्यात मिसळा. तिच्यातली बुरशी मुळांशी जोडून घेते आणि पाणी व स्फुरद मिळवून देते. तिच्याशिवाय रोप पिवळे, खुजे राहते. ज्या पाइनच्या एका जुडग्यात पाच सुया असतात त्यांच्याजवळ करंट किंवा गूसबेरीची फळझुडपे लावू नका. पांढऱ्या पाइनचा घातक तांबेरा या झुडपांवरूनच येतो.

जनावरे असतील तर लागवडीची जागा जपून ठरवा. वर सांगितलेल्या युरोपीय सायकॅमोरच्या बियांत आणि रोपट्यांत हायपोग्लायसिन नावाचे विष असते. ते पोटात गेल्यास घोड्यांचे स्नायू निकामी होतात आणि बरेच घोडे दगावतात. लाल मॅपलची सुकलेली पानेही घोड्याला विषारीच. म्हणून पानगळीत आणि बी उगवते त्या वसंतात अशा झाडांखालचा भाग कुंपणाने बंद करा. गाभण गाईंना पाँडेरोसाच्या रानात सोडू नका, विशेषतः शेवटच्या तीन महिन्यांत. सुया खाल्ल्याने गर्भपात होतो किंवा वेळेआधी वासरू पडते. बर्फाने गवत झाकले की गाई सुयांकडे वळतात, तेव्हा त्या दिवसांची वैरण आधीच गोठ्यात भरून ठेवा.