परतीची तारीख आधी लिहा

फॉर्मला हात लावण्याआधी एक कोरा कागद घ्या आणि त्यावर दोन तारखा लिहा. एक निघण्याची, दुसरी परत घरात पाऊल टाकण्याची. दुसरीखाली दोन रेघा मारा. डॉक्टरांनी लिहून दिलेला गांजा सोबत घेऊन सीमा ओलांडायची असेल, तर सगळी तयारी या दुसऱ्या तारखेपासून मागे मोजत करायची असते. मी निघण्याच्या तारखेपर्यंतच मोजलं, आणि शेवटच्या दिवशी आगगाडीच्या डब्यात माझी उरलेली डबी कस्टम्सच्या पिशवीत गेली.

झालं ते सांगून टाकते, म्हणजे पुढे मी एकच गोष्ट का घोकते आहे ते कळेल. डॉक्टरांची सही झाली २ मे रोजी. शिक्का मिळाला ९ मेला. निघाले १२ मेला, परत यायचं होतं ४ जूनला. शेंगेन प्रमाणपत्राची (युरोपातल्या आपसात सीमा खुल्या ठेवणाऱ्या देशांत असं औषध नेण्याच्या कागदाची) मुदत जास्तीत जास्त ३० दिवस असते हे मला ठाऊक होतं, माझा प्रवास २४ दिवसांचा, म्हणजे आरामात बसतोय असं मी धरून चालले. ‘कधीपासून कधीपर्यंत’ या रकान्यात सहीची तारीख टाकली, कारण त्या वेळी कागदावर तेवढी एकच तारीख दिसत होती. २ मेपासून मोजलेले ३० दिवस ३१ मेला संपले. जाताना कोणी विचारलंसुद्धा नाही. येताना विचारलं. अधिकारी सभ्य होता. त्याने तारखेवर बोट ठेवलं, मी वाकून पाहिलं, आणि त्यानंतर दोघांनाही बोलण्यासारखं काही उरलं नाही. गुन्हा नोंदवला नाही हे नशीब. त्यानंतरचा आठवडा औषधाविना कसा काढला ते पायातल्या नसांना विचारा.

तर, मुदत प्रवासाच्या दिवसापासून सुरू करायची. सहीच्या नाही, शिक्क्याच्याही नाही. आणि ती परतीच्या दिवसाच्या पलीकडे संपायला हवी, कारण गाड्या रद्द होतात, विमानं चुकतात. मी १२ मे लिहिलं असतं तर १० जूनपर्यंत निर्धास्त होते.

आता मुळातलं. नेता येतं का, हे आधी ठरवा, कारण बऱ्याच ठिकाणी उत्तर ‘नाही’ असतं आणि मग पुढचं काही वाचायची गरज उरत नाही. जगभर चालेल असा एक कागद अस्तित्वात नाही. १९६१ च्या आंतरराष्ट्रीय अमली पदार्थ कराराच्या पहिल्या परिशिष्टात गांजा आजही आहे. डिसेंबर २०२० मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या आयोगाने २७ विरुद्ध २५ मतांनी त्याला चौथ्या, अधिक कडक परिशिष्टातून काढलं, त्यावरून ‘आता सगळीकडे मोकळं झालं’ असं सांगणारे भेटतात. त्यांचं ऐकू नका. प्रत्येक देश आपापला दरवाजा सांभाळतो. कॅनडात २०१८ पासून दुकानात गांजा मिळतो, पण तिथली सीमा ओलांडून तो आत नेणं किंवा बाहेर काढणं, आरोग्य खात्याच्या खास परवान्याशिवाय, गुन्हा आहे. वैद्यकीय असला तरी. अमेरिकेत राज्याचा कायदा काहीही म्हणो, सीमेवर केंद्राचा कायदा चालतो, आणि राज्याने दिलेलं कार्ड बाहेरच्या जगात प्रिस्क्रिप्शन म्हणून चालत नाही. थायलंडने २०२२ मध्ये गांजा अमली पदार्थांच्या यादीतून काढला, २०२५ मध्ये फुलावर पुन्हा प्रिस्क्रिप्शनची अट घातली. प्रवाशाने सामानातून ने-आण करायला तेव्हाही मुभा नव्हती, आताही नाही. सिंगापूर, जपान, संयुक्त अरब अमिराती इथे बाहेरच्या डॉक्टरची चिठ्ठी दाखवून फुलाची डबी आत नेता येत नाही. सिंगापुरात ५०० ग्रॅमच्या वर तस्करीला फाशी आहे; तुमच्याकडे तेवढा नसणारच, पण कुठल्या वृत्तीच्या कायद्यासमोर उभे आहात ते कळावं म्हणून सांगितलं. भारतात अमली पदार्थांच्या एनडीपीएस कायदा, १९८५ च्या व्याख्येत गांजा म्हणजे झाडाचे फुलोरे. सुटी पानं व्याख्येबाहेर आहेत म्हणून औषधी फूल चालेल, असा अर्थ काढू नका. ऑस्ट्रेलियात उलट, प्रिस्क्रिप्शन किंवा डॉक्टरांचं पत्र असेल तर स्वतःच्या उपचारापुरता तीन महिन्यांपर्यंतचा साठा प्रवाशाला आणता येतो, उतरल्यावर जाहीर करायचा. ब्रिटनमध्ये नियंत्रित औषधांचा साठा तीन महिन्यांपेक्षा कमी असेल तर पत्र पुरतं, तीन महिने किंवा जास्त असेल तर गृहखात्याचा परवाना लागतो.

‘सीबीडी, म्हणजे गांजातला नशा न आणणारा घटक, तो तर चालतो ना?’ बाटलीवर टीएचसी, म्हणजे नशा आणणारा घटक, किती लिहिलंय ते बघा. शून्य नसेल तर चालतं असं समजू नका.

यादी वाचून भागत नाही, दूतावासाला लेखी विचारा. फोनवर कोणीतरी ‘हो, हो’ म्हणतं, त्या ‘हो’चा सीमेवर काही उपयोग नाही. ईमेलमध्ये औषधाचं नाव, रूप, एकूण वजन, आत शिरण्याची तारीख आणि बाहेर पडण्याची तारीख, सगळं घाला. बाहेर पडण्याची तारीख मुद्दाम. आत नेण्याची परवानगी आणि उरलेलं परत बाहेर नेण्याची परवानगी या काही देशांत दोन वेगळ्या गोष्टी असतात, आणि तुमच्या स्वतःच्या देशात परत शिरणं ही कायद्याच्या नजरेत नव्याने केलेली आयातच असते. आपलंच औषध, आपलंच घर, तरी आयात. उत्तर आलं की छापून ठेवा.

शेंगेन क्षेत्रात राहत असाल आणि त्याच क्षेत्रात फिरणार असाल तर काम सोपं आहे, कारण १९९० च्या शेंगेन अंमलबजावणी कराराच्या ७५ व्या कलमात याच कामासाठी प्रमाणपत्र ठरवलेलं आहे. कोण शिक्का मारतं हे देशावर अवलंबून: जर्मनीत फॉर्म डॉक्टर भरतात आणि राज्याच्या आरोग्य यंत्रणेने नेमलेलं कार्यालय तो प्रमाणित करतं, नेदरलँड्समध्ये हे काम सीएके ही संस्था करते. युरोपीय संघ आणि शेंगेन एकच नव्हेत: आयर्लंड संघात आहे पण शेंगेनमध्ये नाही, स्वित्झर्लंड शेंगेनमध्ये आहे पण संघात नाही. ३० दिवसांहून लांबचा प्रवास असेल तर हे प्रमाणपत्र पुरत नाही. पुढचं औषध तिथल्या डॉक्टरकडून, तिथल्या नियमाने घ्यावं लागतं. आणि तिथे घेतलेलं औषध घेऊन परत येताना तुमच्या जुन्या प्रमाणपत्रात ते नसतं. बघा, पुन्हा परतीवरच आलो.

फॉर्ममध्ये नाव, पत्ता, जन्मतारीख, पासपोर्ट क्रमांक हे सगळं येतंच. नाव पासपोर्टवर आहे तसंच, त्याच क्रमाने. डबीवरच्या लेबलवरही तसंच हवं. फार्मसीने लग्नाआधीचं आडनाव छापलं असेल तर आत्ताच बदलून घ्या. प्रत्येक औषधाला स्वतंत्र प्रमाणपत्र. फूल आणि तेल दोन्ही घेत असाल तर दोन कागद, आणि दोन्हींवर मुदतीचा रकाना वेगळा तपासायचा.

खरी फसगत होते ती प्रमाणाच्या रकान्यात. तिथे गांजाचं वजन पुरत नाही, त्यातल्या सक्रिय घटकाचं एकूण प्रमाण मागतात. उदाहरण घ्या. रोज अर्धा ग्रॅम, प्रवासाचे २४ दिवस अधिक उशिरासाठी ३, म्हणजे २७ दिवसांचे साडेतेरा ग्रॅम. फुलात टीएचसी २२ टक्के असेल तर २.९७ ग्रॅम, म्हणजे २,९७० मिलिग्रॅम. तेल असेल तर मिलिलिटरमागे २५ मिलिग्रॅमची ३० मिलिलिटरची बाटली म्हणजे ७५० मिलिग्रॅम. सॅटिव्हेक्स या तोंडात मारायच्या गांजाच्या औषधाच्या फवाऱ्यात दर मिलिलिटरला २७ मिलिग्रॅम टीएचसी असतं, १० मिलिलिटरच्या बाटलीत २७०. हे गणित घरी करून डॉक्टरांकडे न्या. त्यांना वेळ नसतो आणि चुकलं तर निस्तरायचं तुम्हाला. ‘गरजेनुसार’ असं लिहून घेऊ नका. रोजचा डोस किती आणि दिवस किती हे स्पष्ट असेल तर अधिकाऱ्याला गुणाकार करता येतो, आणि परतीच्या दिवशी वजाबाकीही. मी सगळे गुणाकार बरोबर केले होते, बरं का. मिलिग्रॅमपर्यंत. चुकली ती फक्त तारीख.

शिक्का मारून कागद हातात आला की काउंटरवरून हलण्याआधी मुदतीचा रकाना मोठ्याने वाचा. कोरा कागद खिशातून काढा, दोन रेघांची तारीख त्या मुदतीच्या आत पडते का बघा. पडत नसेल तर तिथेच परत द्या. मागे रांग असते, लोक उसासे टाकतात. टाकू देत.

शेंगेनबाहेर जायचं असेल तर डॉक्टरांचं पत्र लागतं: निदान, औषध, डोस, एकूण प्रमाण, प्रवासाच्या दोन्ही तारखा, सही, शिक्का. त्या देशाच्या भाषेत भाषांतर मागितलं तर अधिकृत भाषांतरकाराकडूनच. काही ठिकाणी ॲपॉस्टिल (कागद खरा असल्याचं सरकारी प्रमाण) लागतं, काही ठिकाणी दूतावासाचा शिक्का. त्यात आठवडे जातात, आणि ते आठवडेही परतीच्या तारखेपासूनच मागे मोजायचे.

मधला थांबा. ज्या विमानतळावर तुम्ही फक्त विमान बदलणार आहात, तिथला कायदा तुमच्या पिशवीला लागू होतो. ‘मी बाहेर पडलेच नाही’ हे उत्तर नव्हे. जाताना थेट विमान आणि येताना स्वस्तातलं, तिसऱ्या देशातून वळसा घालणारं, असं तिकीट आपण सगळेच काढतो. परतीच्या तिकिटावर मधल्या गावाचं नाव वाचा. तो देश नको असलेल्यांपैकी असेल तर तिकीट बदला, महाग पडलं तरी. विमान रद्द झालं आणि कंपनीने दुसऱ्या मार्गाने बसवलं, तर होकार देण्याआधी मार्ग विचारा.

सामान बांधताना औषध मूळ डबीत, लेबलसकट, हातातल्या बॅगेत. डबी लहान करायच्या मोहात पडून सुट्या पिशवीत ओतू नका; लेबल नसलेलं फूल म्हणजे नुसता गांजा. दोन डब्या असतील आणि एक वाटेत संपली तर रिकामी फेकू नका, परतताना ‘एवढं घेतलं, एवढं उरलं’ याचा तोच पुरावा. व्हेपोरायझर, म्हणजे गांजा न जाळता त्याची वाफ करणारं यंत्र, बॅटरीसकट हातातच, आणि आतून घासून. डबीसाठी कागद असतो, यंत्रात चिकटलेल्या अवशेषांसाठी नसतो. कागदांच्या मूळ प्रती तुमच्याजवळ, छायाप्रती वेगळ्या बॅगेत, फोटो फोनमध्ये. अधिकाऱ्याला मूळ कागद दाखवा पण तो परत मिळाल्याशिवाय पुढे जाऊ नका, परतीला तोच लागणार आहे.

विमानतळावर: विचारलं तर सांगा, जाहीर करायचं असेल तर लाल मार्गाने जा, विनोद नको. तिथे पोचल्यावर: दुसऱ्याला देऊ नका, पोस्टाने पाठवू नका, गाडी चालवायची असेल तर तिथला नियम आधी बघा, प्रिस्क्रिप्शन म्हणजे गाडी चालवायची परवानगी नव्हे.

निघायच्या आदल्या रात्री, म्हणजे परत निघायच्या, उरलेलं वजन करा, कागदावरची मुदत वाचा. संपलेली असेल तर औषध सीमेपर्यंत आणू नका, तिथल्या फार्मसीत नष्ट करायला घेतात का ते विचारा. घरी आल्यावर कागद फाइलला. पुढच्या प्रवासाला नवा फॉर्म, नवी सही, नवा शिक्का. जुन्यावरची तारीख खोडून त्याच कार्यालयाकडून दुरुस्तीचा शिक्का मिळत नाही, विचारून झालंय.