गुडघ्याच्या धमन्या शिकताना या चुका टाळा

गुडघ्यामागच्या पॉप्लिटीअल धमनीच्या पाच जेनिक्युलर शाखांची नावं पाठ झाली की गुडघा संपला, असं अनेक विद्यार्थ्यांना वाटतं. मग तोंडी परीक्षेत क्रुशिएट लिगामेंटना (सांध्याच्या आत एकमेकांना छेदणाऱ्या अस्थिबंधांना) रक्त कुठून मिळतं हे विचारलं की गाडी अडते. ते काम मिडल जेनिक्युलरचं. ती मागून ऑब्लिक पॉप्लिटीअल लिगामेंट भेदून सांध्यात शिरते. पटेलाभोवतीच्या (गुडघ्याच्या वाटीभोवतीच्या) धमन्यांच्या जाळ्यात तिला ओढू नका, तिथे उरलेल्या चौघी असतात.

त्या जाळ्याचं सगळं श्रेय पॉप्लिटीअल धमनीला देणंही चूक. वरून फीमोरलची (मांडीच्या मुख्य धमनीची) डिसेंडिंग जेनिक्युलर आणि लॅटरल सर्कमफ्लेक्स फीमोरलची उतरती शाखा येते, खालून अँटीरिअर टिबिअल रिकरंट.

खोलीचा क्रम तर हमखास उलटा लिहिला जातो. मागून पाहिल्यास आधी टिबिअल नर्व्ह, मग व्हेन आणि सर्वांत खोल धमनी. म्हणूनच पाय ताठ ठेवून नाडी शोधू नका. गुडघा थोडा वाकवा, स्नायू सैल पडू द्या आणि दोन्ही हातांच्या बोटांनी मागून टिबियाच्या (नडगीच्या हाडाच्या) दिशेने खोल दाबा. नाडी फारच सहज आणि रुंद लागली तर ॲन्युरिझमची (धमनीला आलेल्या फुगवट्याची) शंका घ्या. गुडघ्यामागची प्रत्येक गाठ बेकर्स सिस्ट (सांध्यातल्या द्रवाने भरलेली पिशवी) नसते. सुई घालण्याआधी सोनोग्राफी हवीच.

सर्वांत घातक गैरसमज मात्र वेगळा आहे: ‘मुख्य धमनी बंद पडली तरी जाळं पाय वाचवेल.’ धमनी हळूहळू अरुंद होत गेली तर या शाखांना रुंदावायला वेळ मिळतो. अचानक बंद पडली तर त्या बहुधा पुऱ्या पडत नाहीत. पॉप्लिटीअल धमनी वर ॲडक्टर हायेटसपाशी (मांडीच्या स्नायूतल्या फटीपाशी) आणि खाली सोलिअस या पोटरीच्या स्नायूच्या कमानीपाशी जखडलेली असते, त्यामुळे गुडघा निखळला की ती मध्ये ताणली जाते. कधी फक्त आतलं अस्तर फाटतं. पावलाची नाडी लागत राहते, आणि काही तासांनी तिथे गुठळी धरते. नाडी लागली म्हणून निर्धास्त राहू नका. घोटा-दंड रक्तदाबाचं गुणोत्तर काढा. ते ०.९ पेक्षा कमी आल्यास सीटी अँजिओग्राफी (धमन्यांचं सीटी स्कॅन) करतात. नाडी लागतच नसेल, पाऊल गार आणि पांढरं पडलं असेल, तर व्हॅस्क्युलर सर्जनला ताबडतोब बोलवा, कारण रक्तपुरवठा साधारण ६ तासांत परतला नाही तर पाय गमावण्याचा धोका झपाट्याने वाढतो.

निखळलेला गुडघा रुग्णालयात पोहोचण्याआधीच जागेवर बसलेला असू शकतो आणि एक्स-रे अगदी साधा दिसतो. एकाहून जास्त लिगामेंट सैल लागत असतील, तर तो निखळून गेला होता असंच धरून धमनी तपासा.