प्राध्यापकाच्या पात्रतेला न्यायालयात आव्हान देताना

विद्यापीठातील सहाय्यक प्राध्यापकाच्या नेमणुकीला आव्हान द्यायचे असेल, तर प्रथम मूळ जाहिरातीतील अर्जाची अंतिम तारीख पाहावी, कारण नियमांत किंवा जाहिरातीत वेगळे नमूद नसल्यास पात्रता त्याच दिवशी असावी लागते. मुदत ५ जूनला संपली आणि निवडलेल्या उमेदवाराच्या सेटचा (राज्यस्तरीय अध्यापक पात्रता परीक्षेचा) निकाल १० जूनला लागला, तर हा मुद्दा भक्कम ठरतो. मग विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या विनियमांशी आणि त्यांतील दुरुस्त्यांशी पदव्युत्तर गुण, नेट (राष्ट्रीय पातळीवरील तशीच परीक्षा) किंवा सेट, अथवा पीएच.डी.मुळे त्यांतून मिळणारी सूट ताडून पाहावी. छाननीचा तक्ता माहितीच्या अधिकारात मागावा. उत्तराची मुदत सर्वसाधारणपणे ३० दिवसांची असते.

डावललेल्या उमेदवाराने संविधानाच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करावी आणि निवड झालेल्या व्यक्तीला प्रतिवादी करायला विसरू नये. अनेक याचिका नेमक्या इथेच अडखळतात. उमेदवार नसलेल्याला सार्वजनिक पदापुरती अधिकारपृच्छेची (को वॉरंटो, म्हणजे ती व्यक्ती पदावर कोणत्या अधिकाराने आहे हे विचारणाऱ्या याचिकेची) वाट खुली असते. मुलाखतीत गुण कमी दिल्याची तक्रार मात्र (माझ्या मते) याचिकेत घुसडू नये, कारण तज्ज्ञ समितीच्या मूल्यमापनात न्यायालय सहसा हात घालत नाही.