अमेरिकन कला आणि चळवळ अभ्यासायला घेताय? आधी छापखान्याचा खर्च कोणी दिला ते शोधा

‘अमेरिकन कला आणि राजकीय चळवळ’ एवढंच शीर्षक देऊन विषय नोंदवू नका. 1933 मध्ये रॉकफेलर सेंटरच्या भिंतीवर मेक्सिकन चित्रकार डिएगो रिवेराने लेनिनचा चेहरा रंगवला, तिथपासून 2018 मध्ये छायाचित्रकार नॅन गोल्डिन आणि सहकाऱ्यांनी व्यसन लावणारी वेदनाशामकं विकणाऱ्या देणगीदारांच्या निषेधार्थ मेट्रोपॉलिटन म्युझियममधल्या देंदूर मंदिराभोवतीच्या पाण्यात औषधांच्या बाटल्या फेकल्या, तिथपर्यंत पंच्याऐंशी वर्षं होतात. एवढा पट्टा घेतलात तर प्रबंध म्हणजे नावांची यादी होते आणि तोंडी परीक्षेत पहिल्याच प्रश्नाला अडकायला होतं. एक शहर, तीन ते पाच वर्षं आणि एक मागणी, इतकंच धरा. न्यूयॉर्क, 1969 ते 1971, कलाकार विरुद्ध म्युझियमचे विश्वस्त. किंवा न्यूयॉर्क, 1987 ते 1991, एड्स आणि सरकारचं मौन. किंवा शिकागोची 1967 सालची ‘वॉल ऑफ रिस्पेक्ट’ ही कृष्णवर्णीय नायकांची चित्रभिंत आणि तिच्यानंतर तिथे रंगलेली भित्तिचित्रं. विषय लहान वाटला तरी घाबरू नका. यातला प्रत्येक विषय दोन वर्षं पुरून उरतो.

आता तो सापळा, ज्यात जवळजवळ प्रत्येक नवा अभ्यासक पडतो: चित्राखालच्या पाटीवर जे लिहिलंय तेच चित्राचं चरित्र समजणं. पाटीवर कलाकाराचं नाव, साल, माध्यम आणि देणगीदार असतो. चळवळीतलं चित्र मात्र बहुतेक वेळा एका माणसाचं नसतं, एका सालचं नसतं आणि त्याचं खरं माध्यम म्हणजे रस्ता. पाटी खोटं बोलत नाही. ती दुसऱ्याच प्रश्नाचं उत्तर देते. ही वस्तू आज कोणाच्या ताब्यात आहे, एवढंच तिला सांगायचं असतं.

उदाहरण घ्या, जरा लांबवर घ्या. काळ्या पार्श्वभूमीवर गुलाबी त्रिकोण आणि खाली ‘सायलेन्स = डेथ’, म्हणजे मौन म्हणजे मृत्यू. हे पोस्टर एड्सच्या प्रश्नावर लढणाऱ्या ‘ॲक्ट अप’ या संघटनेने केलं असं अनेक ठिकाणी वाचायला मिळतं. कधी ते ‘ग्रॅन फ्युरी’ या कलाकारांच्या गटाच्या नावावर टाकलेलं असतं. दोन्ही चूक. ॲव्हरम फिंकेलस्टीन यांच्यासह सहा जणांचा एक छोटा गट होता. त्यांनी ते ॲक्ट अप अस्तित्वात येण्याआधीच आखलं. लेखक लॅरी क्रेमर यांचं भाषण आणि त्यातून उभी राहिलेली ॲक्ट अप ही संघटना मार्च 1987 ची. पोस्टर त्याच सुमारास मॅनहॅटनच्या भिंतींवर लागलं. पुढे गटाने ते संघटनेला वापरायला दिलं. नंतरच्या प्रतींवर खाली संघटनेचं नाव आलं आणि गोंधळ तिथून सुरू झाला. नोव्हेंबर 1987 मध्ये न्यू म्युझियमच्या खिडकीत ‘लेट द रेकॉर्ड शो’ ही मांडणी झाली, तिच्यात हाच त्रिकोण निऑनमध्ये होता. ती मांडणी करणाऱ्या मंडळींतून 1988 मध्ये ग्रॅन फ्युरी तयार झाली. म्हणजे गट तीन, क्रम ठरलेला, काही माणसं सामाईक.

यात एवढं अडून बसण्यासारखं काय, असं वाटेल. अडायलाच हवं. पोस्टर संघटनेनंतरचं मानलंत तर तुमचा युक्तिवाद असा होतो: चळवळ उभी राहिली आणि तिने कलाकारांकडून चित्र करून घेतलं. खरा क्रम धरलात तर युक्तिवाद उलटतो: चळवळ नव्हती तेव्हाच तिच्या हाकेचं चित्र तयार झालं होतं आणि माणसं जमली तेव्हा ते हाताशी होतं. कला आणि चळवळीच्या नात्याबद्दलचा तुमचा अख्खा निष्कर्ष या काही महिन्यांच्या फरकावर उभा राहतो. म्हणून वर्ष पुरत नाही, महिना हवा. जमलं तर तारीख हवी.

याच पोस्टरवर तळाशी बारीक मजकूर आहे. तो बहुतेकजण वाचतच नाहीत, कारण लहान छायाचित्रात तो दिसत नाही. त्यात सरकारी खात्याला ‘फेडरल ड्रग ॲडमिनिस्ट्रेशन’ म्हटलंय. खात्याचं खरं नाव ‘फूड अँड ड्रग ॲडमिनिस्ट्रेशन’. अवतरण देताना मजकूर आहे तसाच द्या आणि टीपेत फरक सांगा. मुकाट्याने दुरुस्त केलंत तर तुम्ही मूळ प्रत पाहिलीच नाही, हे परीक्षकाला कळतं.

सापळ्यातून बाहेर पडायची रीत साधी आहे, फक्त कंटाळवाणी आहे. प्रत्येक कलाकृतीसाठी एक तक्ता करा. कल्पना कोणाची, मजकूर कोणाचा, छायाचित्र कोणाचं, कागद कोणी दिला, छापलं कोणी आणि कशावर, प्रती किती, पहिल्यांदा कुठे आणि कधी दिसलं, कोणी अडवलं, पुढच्या आवृत्तीत काय बदललं किंवा गाळलं, आज कुठे आहे. एका चित्राला चार-पाच दिवस लागतात. दहा चित्रांचे असे तक्ते झाले की प्रबंधाचा कणा तयार.

‘क्यू. अँड बेबीज? ए. अँड बेबीज.’ (प्रश्न: लहान मुलंही? उत्तर: लहान मुलंही.) या पोस्टरवर हा तक्ता चालवून बघा. छायाचित्र लष्करी छायाचित्रकार रोनाल्ड हेबर्ले यांचं, 16 मार्च 1968, व्हिएतनाममधलं माय लाय, जिथे अमेरिकन सैनिकांनी गावकऱ्यांची कत्तल केली. शब्द नोव्हेंबर 1969 मधल्या दूरचित्रवाणी मुलाखतीतले: प्रश्न माइक वॉलेस यांचा, उत्तर पॉल मीडलो या सैनिकाचं. पोस्टर न्यूयॉर्कमधल्या कलाकारांच्या गटाचं, म्हणजे ‘आर्ट वर्कर्स कोअ‍ॅलिशन’चं. म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टच्या, म्हणजे ‘मोमा’च्या कर्मचाऱ्यांनी साथ द्यायचं कबूल केलं होतं. विश्वस्त विल्यम पेली यांनी विरोध केला आणि मोमाने अंग काढून घेतलं. छापखाना कामगारांच्या युनियनच्या मदतीने पन्नास हजार प्रती छापल्या गेल्या. जानेवारी 1970 मध्ये कलाकार त्याच मोमात, पिकासोच्या ‘गेर्निका’ या युद्धविरोधी चित्रासमोर, ही पोस्टरं हातात धरून उभे राहिले. आज त्याची प्रत मोमाच्याच संग्रहात आहे. नुसतं चित्र बघून ‘युद्धविरोधी भावनेचा आविष्कार’ एवढं एक वाक्य निघतं. तक्ता भरला की कामगार युनियन, विश्वस्त मंडळ, दूरचित्रवाणी आणि लष्कराचा कॅमेरा, सगळेच खोलीत येऊन बसतात.

‘काय गाळलं’ हा रकाना कधीच रिकामा ठेवू नका. ग्रॅन फ्युरीच्या 1989 च्या ‘किसिंग डझन्ट किल’ या बसवरच्या जाहिरातीत तीन जोडपी चुंबन घेताना दिसतात. खाली कंपन्यांचा लोभ, सरकारची निष्क्रियता आणि लोकांची बेपर्वाई यांना दोष देणारी ओळ होती. काही ठिकाणी ती ओळ वगळून जाहिरात लागली. ओळीसकट ते राजकीय विधान होतं, ओळीशिवाय ती प्रेमाची जाहिरात झाली. तुमच्या हातातली प्रत कोणती, हे आधी तपासा. मार्था रोस्लर यांची युद्धविरोधी कोलाज साठच्या दशकाच्या शेवटी झेरॉक्स करून निदर्शनांत वाटली जात होती. आज गॅलरीत दिसतात ते मोठे रंगीत ठसे पुष्कळ नंतरचे. दोन्हींवर एकाच दमात लिहू नका.

छपाईचं तंत्र ओळखायला शिका, एका दुपारचं काम आहे. दहापट भिंगातून ठिपक्यांची जाळी दिसली तर बहुधा ऑफसेट, म्हणजे हजारो प्रती शक्य आणि छापखान्याचा कुणीतरी सहभागी. रंगाचा सपाट, किंचित जाड थर आणि ठिपके नाहीत, तर बहुधा सिल्कस्क्रीन, म्हणजे एखाद्या खोलीत हाताने ओढलेल्या शे-दोनशे प्रती. स्क्रीनवर बघून हे ठरवू नका. छापील पुस्तकातल्या चित्रावरही नाही, कारण तिथे दिसणारे ठिपके त्या पुस्तकाचे असतात.

आकड्यांच्या बाबतीत वेगळी सावधगिरी. ‘गुरिला गर्ल्स’ हा स्त्री कलाकारांचा निनावी गट 1985 मध्ये उभा राहिला. निमित्त होतं मोमाचं आदल्या वर्षीचं प्रदर्शन: त्यांच्या मोजणीप्रमाणे 169 कलाकार, त्यांत बायका 13. त्यांचं 1989 चं पोस्टर सांगतं की मेट्रोपॉलिटन म्युझियममध्ये पाच टक्क्यांहून कमी कलाकार स्त्रिया, पण नग्नचित्रांत 85 टक्के स्त्रिया. हे आधुनिक कलेच्या विभागाबद्दल आहे. ‘संपूर्ण म्युझियममध्ये पाच टक्के’ असं लिहिलंत की दावा कोसळतो आणि चूक त्यांची नाही, तुमची. त्यांनी पुन्हा मोजणी केली, तेव्हा 2005 मध्ये तीन टक्क्यांहून कमी आणि 83, 2012 मध्ये चार टक्क्यांहून कमी आणि 76 असे आकडे आले. टक्केवारी कशाची, कोणत्या वर्षीची, हे दोन्ही लिहा.

तीसचं दशक घेणाऱ्यांना एकच सूचना. फेडरल आर्ट प्रोजेक्ट (1935 ते 1943) म्हणजे सरकारी रोजगार होता, तो स्वतः चळवळ नव्हे. चळवळ म्हणजे ‘आर्टिस्ट्स युनियन’, जी हे रोजगार टिकावेत म्हणून रस्त्यावर आली. दोन्हींची सरमिसळ झाली की पुढचं काही जुळत नाही.

कागद कुठे मिळतात? स्मिथसोनियनचं आर्काइव्ह्ज ऑफ अमेरिकन आर्ट, ग्रॅन फ्युरीसाठी न्यूयॉर्क पब्लिक लायब्ररी, ऐंशीच्या दशकासाठी मोमाच्या ग्रंथालयातला पीएडी/डी (पोलिटिकल आर्ट डॉक्युमेंटेशन/डिस्ट्रिब्युशन) संग्रह, पोस्टरांसाठी लॉस एंजेलिसचं सेंटर फॉर द स्टडी ऑफ पोलिटिकल ग्राफिक्स. आधी संग्रहाची सूची पूर्ण वाचा, मग पेटी आणि फोल्डरचा क्रमांक देऊन विचारा. ‘या विषयावर जे आहे ते पाठवा’ अशा पत्राला उत्तर आलं नाही तर राग मानू नका. दोन-तीन फोल्डर नेमके मागितलेत तर अनोळखी विद्यार्थ्यालाही लोक मनापासून मदत करतात, अगदी सातासमुद्रापलीकडूनही. उत्तराला महिना-दीड महिना लागेल असं धरून चाला.

ॲक्ट अपच्या मौखिक इतिहास प्रकल्पात 187 मुलाखती आहेत, लिखित रूपात फुकट. मोठा खजिना आहे, पण त्या घटनेनंतर पंधरा-वीस वर्षांनी घेतलेल्या आहेत. एकाच बैठकीचा महिना तीन माणसं तीन वेगवेगळे सांगतात. तारीख कागदावरून घ्या, हेतू आणि भांडणं मुलाखतींतून.

मार्गदर्शकाबद्दल स्पष्ट सांगायला हवं. ‘आधी सिद्धांत वाच, चित्रं नंतर’ असं सांगणारा मार्गदर्शक कितीही नावाजलेला असो, त्याच्या नादी लागलात की पहिलं सहामाही सत्र गेलं. सिद्धांत लागतोच, पण दहा तक्ते झाल्यावर, कारण तेव्हा तुमच्याकडे त्याला विचारायला प्रश्न असतो. सूची वाचायला शिकवणारा एक ग्रंथपाल अशा दोन प्राध्यापकांना भारी. आणि तयार सारांश वाचून तक्ता भरू नका. वर सांगितलेली पोस्टरची चूक अशाच सारांशांतून पिढ्यानपिढ्या फिरते आहे.

मराठी अभ्यासकांना एक मोह हमखास होतो. 1972 मध्ये मुंबईत दलित पँथरने नाव अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या ब्लॅक पँथर पक्षावरून घेतलं, हे खरंच आहे. म्हणून एमरी डग्लस यांनी ‘द ब्लॅक पँथर’ या वृत्तपत्रासाठी काढलेली चित्रं आणि इथली भित्तिपत्रकं शेजारी ठेवून ‘प्रभाव’ लिहायचा मोह होतो. नाव पोहोचलं म्हणजे चित्रं पोहोचलीच असं होत नाही. अंकाची प्रत कोणाच्या हातात, कोणत्या महिन्यात आली हे दाखवता आलं तरच प्रभाव म्हणा. नाहीतर तुलना म्हणा. तीही तितकीच मोलाची आहे.

शेवटी चित्रांच्या परवानग्या. सरकारी योजनेतली छायाचित्रं, उदाहरणार्थ फार्म सिक्युरिटी ॲडमिनिस्ट्रेशनची, लायब्ररी ऑफ काँग्रेसमधून मोकळेपणी वापरता येतात. बाकीच्यांसाठी वस्तूचा मालक आणि हक्कांचा मालक वेगवेगळा असू शकतो. म्युझियमने होकार दिला म्हणजे कलाकाराने दिला असं नाही. पत्रं पहिल्या मसुद्याबरोबरच पाठवा, बांधणीच्या आठवड्यात नव्हे.