पहिला इंडिपेंडंट सिनेमा करायचाय? मग चैतन्य ताम्हाणेची पद्धत नीट बघा

कॅमेरा कुठला घेऊ हा प्रश्न सगळ्यात शेवटी. आधी दिग्दर्शक ताम्हाणेचे 'कोर्ट' (2014) आणि 'द डिसायपल' (2020) परत बघा, यावेळी वही घेऊन, कारण कमी पैशात स्वतःचा सिनेमा कसा उभा करायचा याचा इतका चांगला धडा मराठीत मला तरी दुसरा दिसत नाही.

पहिलं काम म्हणजे जाऊन बसणं. 'कोर्ट'साठी ताम्हाणे मुंबईतल्या खालच्या कोर्टांत जाऊन बसायचा, आणि तिथली ती रटाळ सुनावणी, पुढची तारीख, एका सुरात वाचलेली कलमं, सगळं पडद्यावर आलंय. तुमचा विषय एसटी डेपो असेल तर डेपोत जा, पण शूट करायला नाही, नुसतं ऐकायला, कोण कोणाला अहो-जाहो करतं, डबा कोणासोबत खातात, साहेब आले की आवाज कसा बदलतो. स्क्रिप्ट त्यानंतर.

कास्टिंगला फक्त नटच बोलवू नका. 'कोर्ट'मध्ये ज्याच्यावर खटला चालतो तो शाहीर नारायण कांबळे म्हणजे नागपूरचे कार्यकर्ते वीरा साथीदार, आणि 'द डिसायपल'मध्ये गायकाचा मुख्य रोल करणारा आदित्य मोडक स्वतः शास्त्रीय गायक आहे. गायकाकडून अभिनय करून घेता येतो, पण नटाच्या गळ्यात ती तालीम कुठून आणणार? फक्त एक, अशा लोकांसोबत टेक भरपूर लागतात, म्हणून लोकेशन्स कमी करा पण दिवस कमी करू नका.

आता कॅमेरा. लांब ठेवा, स्थिर ठेवा, कोणी रडायला लागलं की लगेच क्लोजअपला पळू नका. 'कोर्ट'मधली सरकारी वकील लोकलने घरी जाते, स्वयंपाक करते, बचाव पक्षाचा वकील सुपरमार्केटमध्ये वाइन घेतो, कोणी काही समजावून सांगत नाही तरी दोघांचं अख्खं जग कळतं आणि माझ्या मते सिनेमाचा जीव तिथेच आहे. तुमच्या प्रत्येक पात्राचा असा कामाबाहेरचा एक सीन लिहून बघाच.

पैशाचं म्हणाल तर विश्वास ठेवणारा एकच माणूस शोधा. नट विवेक गोंबरने ताम्हाणेला 'कोर्ट'चं स्क्रिप्ट लिहायला महिन्याला पैसे दिले, सिनेमा प्रोड्यूस केला आणि बचाव पक्षाच्या वकिलाचा रोलही केला. नेदरलँड्सच्या ह्यूबर्ट बाल्स फंडाची, म्हणजे रॉटरडॅम फेस्टिव्हलच्या सिनेमांना पैसे देणाऱ्या निधीची, मदतही होती. गोव्यात इफ्फीच्या (भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या) वेळी एनएफडीसीचा, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा, फिल्म बाजार (आता 'वेव्हज फिल्म बाजार') भरतो, जिथे नव्या सिनेमांना निर्माते शोधता येतात, तिथे जा.

आणि सिनेमा झाला की उत्साहात यूट्यूबवर टाकू नका, प्लीज! मोठ्या फेस्टिव्हल्सना सहसा वर्ल्ड प्रीमियर, म्हणजे सिनेमाचा जगातला पहिला शो, हवा असतो. 'कोर्ट' आधी व्हेनिस फेस्टिव्हलला गेला, तिथे ओरिझोंती या नव्या धाटणीच्या सिनेमांच्या विभागात बेस्ट फिल्म ठरला आणि राष्ट्रीय पुरस्कार, थिएटर वगैरे सगळं त्यानंतर आलं, तर आधी फेस्टिव्हल्सच्या डेडलाइन्सची यादी करा आणि एडिटचं वेळापत्रक त्यावरून ठरवा.